दुपारी दोनची गोळी

आमच्या स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर रोजच्या चौकटीत दोन टिका असतात. एक सकाळची, एक संध्याकाळची. कुत्र्याला गोळी दिली की बायको हातातलं काम तसंच ठेवते, ओट्यावरचं पेन उचलते आणि टिक करते. पाहुणे बघतात आणि तिच्या शिस्तीचं कौतुक करतात. अशा वेळी मी पाणी प्यायच्या निमित्तानं उठून जातो. त्या टिका तिथं कशा आल्या, हे गेल्या महिन्यापर्यंत फक्त मला आणि जनावरांच्या एका डॉक्टरांना माहीत होतं.

मी मुळात बोलणारा माणूस नाही. वाळूजच्या एका कंपनीत स्टोअर सांभाळतो, तेवीस वर्षं झाली. तिथं बोलावं लागत नाही, मांडावं लागतं. प्रत्येक खणाला एक कार्ड टांगलेलं असतं आणि कार्डावर जे लिहिलंय तेच खणात असलं पाहिजे. एकदा एका पोत्यात दुसऱ्याच मापाचे बोल्ट निघाले, तेव्हा मी सप्लायरच्या माणसाला सगळ्यांसमोर नाही नाही ते बोललो होतो. डब्यावर एक आणि आत एक, हे माझ्या दृष्टीनं चोरीइतकंच वाईट.

आणि त्याच काळात माझ्या घरी, कपाटाच्या वरच्या फळीवर, कॅल्शियमची एक पांढरी बाटली होती. त्यात कॅल्शियम नव्हतं.

सहा वर्षांपूर्वी स्टोअरमध्येच मला पहिल्यांदा तसं झालं. कामाचं काही विशेष नव्हतं. एकदम हात कापायला लागले, जीभ कोरडी पडली, छाती इतकी धडधडली की मी रॅकला धरून खाली बसलो. हृदयाच्या तपासण्या झाल्या, सगळं ठीक निघालं. मग एका भल्या डॉक्टरांनी चिठ्ठी लिहून मला मनाच्या डॉक्टरांकडे पाठवलं. आम्ही राहतो मुकुंदवाडीला, दवाखाना शहराच्या दुसऱ्या टोकाला. मला ते बरंच वाटलं. तिथं ओळखीचं कुणी भेटायचं नाही.

गोळ्यांनी मला बरं वाटलं, हे सांगितलं पाहिजे. पण घरी सांगितलं नाही. सोयगावकडचा माझा एक चुलता तरुणपणी असाच घाबरून जायचा. त्याला गावानं जन्मभर येडा म्हणूनच हाक मारली, पुढं तो चांगला असतानाही. शिवाय मुलगी लग्नाची झाली होती. बापाला डोक्याच्या गोळ्या चालू आहेत एवढं एक वाक्य बाहेर गेलं असतं, तर पुढची स्थळं चहा पिऊन उठून गेली असती. म्हणून मी स्ट्रिपमधून गोळ्या काढायचो आणि कॅल्शियमच्या बाटलीत भरायचो. बायकोला वाटायचं, नवरा हाडांची काळजी घेतोय. ती मला हसायची.

कुत्रा मुलीनं आणलेला. ती कॉलेजात असताना पावाच्या पुडक्याएवढं पिल्लू ओढणीत गुंडाळून घरी आली होती. साधा गावठी, भुऱ्या रंगाचा, एक कान कायम पडलेला. नाव लिहीत नाही, इथं कुणाचंच लिहायचं नाही असं ठरवलंय. मुलगी नोकरीला पुण्याला गेली आणि कुत्रा आमच्याकडे राहिला. खरं तर बायकोकडे. मी संध्याकाळी फिरवून आणायचो तेवढाच.

आमच्या घरामागं एक लॉन्स झालं. लग्नसराईत रोज कुणाचं ना कुणाचं लग्न. संध्याकाळी पाचला डीजे सुरू झाला की आमच्या खिडक्यांच्या काचा थरथरायच्या आणि कुत्रा कूलरच्या मागं जाऊन भिंतीला चिकटायचा. लाळ गळायची, अंग कापायचं, बोलावलं तर डोळे आमच्याकडे आणि लक्ष भलतीकडेच. बायको त्याच्या कानावर हात धरून बसायची. मी उंबऱ्यात उभा राहून बघायचो. त्याला काय होत होतं ते घरात फक्त मलाच ओळखू येत होतं. मी रॅकला धरून बसलो होतो तेव्हा बाहेरून असाच दिसत असणार.

एका संध्याकाळी बायको देवळात गेली होती आणि डीजे सुरू झाला. मी बाटली काढली, एक गोळी ब्लेडनं अर्धी केली आणि शेंगदाण्याच्या लाडवात घालून त्याला दिली. त्या दिवशी काही फरक पडला नाही. पण मी रोज देत राहिलो. दोन-तीन आठवड्यांनी तो कापायचा कमी झाला, निदान मला तसं वाटलं. मला मनातून फार समाधान झालं, इतकं की लिहायला लाज वाटते. माझं दुखणं दुसऱ्या कुणाला तरी होतं आणि मी त्यावर औषध दिलं होतं. गोळीचं नाव मुद्दाम लिहीत नाही. वाचून कुणी आपल्या कुत्र्याला द्यायला नको.

एक दिवस बायकोनं बघितलं. बाटली खुळखुळली की कुत्रा असेल तिथून यायला लागला होता. ती म्हणाली, "बघा, याला बी कॅल्शियम लागतंय आता." मी म्हणालो, हाडांना चांगलं असतं.

त्याच दिवसांत त्याची मागची बाजू दुखायला लागली. अकरा वर्षांचा झाला होता. उठताना कण्हायचा, पायरी चढायला दोनदा विचार करायचा. आम्ही दोघं त्याला जालना रोडवरच्या एका दवाखान्यात घेऊन गेलो. डॉक्टर मॅडम तिशी-पस्तिशीच्या, कमी बोलणाऱ्या, पण प्रश्न नीट विचारणाऱ्या. त्यांनी कमरेवरून हात फिरवला, एक्स-रे काढला, सांध्याची झीज आहे म्हणाल्या. मग पेन हातात धरून विचारलं, दुसरं काही औषध चालू आहे का, घरातलं, माणसाचं, झाडपाल्याचं, काहीही.

मी नाही म्हणालो. बायकोनं मला दुरुस्त केलं. म्हणाली, हे कॅल्शियमची अर्धी गोळी देतात की त्याला रोज.

मॅडमनी माझ्याकडे बघितलं. "फक्त कॅल्शियम ना?"

"हो," मी म्हणालो.

त्यांनी कागदावर कॅल्शियम लिहिलं. माझ्या खोट्याला त्यांच्या अक्षरात जागा मिळाली. तो क्षण मी कितीदा तरी परत जगलो आहे. बायकोला बाहेर पाठवून एक मिनिट बोलता आलं असतं. घरी जाऊन फोन करता आला असता. मी स्वतःची समजूत घातली की दुखण्याची गोळी कमरेला लागते आणि माझी गोळी डोक्याला, दोघींचा एकमेकींशी काय संबंध. तेवीस वर्षं स्टोअर सांभाळणाऱ्या माणसाला एवढं कळायला हवं होतं की दोन्ही शेवटी एकाच रक्तात उतरतात.

मॅडमनी दिलेल्या सूज उतरवायच्या औषधानं त्याला थोडं बरं वाटलं, पुरेसं नाही. दहा दिवसांनी मॅडमनी दुखणं थांबवायची आणखी एक गोळी वाढवून दिली. ती द्यायचं काम बायकोकडे. ती सकाळी आणि दुपारी दोनला शिळ्या भाकरीच्या कुस्कऱ्यात तूप घालून त्यात गोळी द्यायची. तो तिच्या हातचं डोळे मिटून खायचा.

तिसऱ्या दिवशी रविवार होता आणि मोठं लग्न होतं. दुपारी तीनलाच डीजे लागला. चारला मी बाटली काढली आणि आवाज जास्त आहे म्हणून अर्धीऐवजी आख्खी गोळी दिली.

सहाच्या सुमाराला बायकोनं हाक मारली. तो कूलरच्या मागं उभा होता, बसत नव्हता. अंगाला झटके येत होते, नेहमीच्या थरथरीसारखे नाहीत. पाय ताठलेले. बुबुळं इतकी मोठी झाली होती की डोळ्यांचा तपकिरी रंगच दिसेना. कानाला हात लावला तर चटका बसावा असा ताप. त्यानं तिथंच घाण केली, जे त्यानं लहानपणानंतर कधी केलं नव्हतं. मी त्याला चादरीत घेतलं आणि शेजाऱ्यांच्या गाडीतून आम्ही दवाखाना गाठला.

मॅडमनी सलाईन लावलं, अंगावर ओले टॉवेल टाकायला सांगितले, झटक्यांचं इंजेक्शन दिलं. हात चालू ठेवून विचारलं, नवी गोळी किती वाजता दिली. बायको म्हणाली, दुपारी दोनला.

"एकच?"

"एकच," ती म्हणाली. मग थांबली. टेबलावरच्या त्याच्या ताठ पायांकडे बघत राहिली. "दिली ना हो मी एकच?"

ती माझ्याकडे बघत होती. त्या दुपारी मी समोरच पेपर वाचत बसलो होतो. तिनं कुस्करा केला, दिला, ताटली धुऊन पालथी घातली, हे मी पाहिलं होतं. एकच दिली होती.

मी म्हणालो, "मला माहीत नाही."

ती बाहेरच्या बाकावर जाऊन बसली. मॅडम स्वतःशीच म्हणाल्या की दोन गोळ्या गेल्या असत्या तरी इतक्या कमी मात्रेनं हे असं व्हायला नको, काहीतरी जुळत नाही. तेव्हा मी बोललो. त्याच्या जिवाला भिऊन बोललो, खरेपणानं नाही. कॅल्शियमच्या बाटलीत काय आहे ते सांगितलं, किती दिवस देतोय ते सांगितलं, आजची आख्खी सांगितली.

त्यांचा हात क्षणभर थांबला, एवढंच. मग त्यांनी उपचारात काय बदलायचं ते बदललं. कुत्रा थोडा सैल पडल्यावर हात धुताना मला समजावलं, चढ्या आवाजात नाही. दुखण्याची ती विशिष्ट गोळी आणि माझी गोळी, दोन्ही मेंदूतलं एकच रसायन वाढवतात. एकेकट्या घेतल्या तर चालतात, एकत्र गेल्या तर अंग असं पेटतं.

"दुखणं आणि भीती, दोन्हींवरची औषधं मी किती तरी कुत्र्यांना बरोबर देते," त्या म्हणाल्या. "पण कोणतं कशाबरोबर जातं ते बघून देते. तुम्ही मला बघूच दिलं नाही."

मी त्यांना विनंती केली की हे बायकोला सांगू नका. मुलीचं स्थळ ठरत आलंय, असंही म्हणालो. त्यांनी हात पुसले आणि कागद पुढं ओढला. म्हणाल्या, तुमच्या आजारात लाजण्यासारखं काही नाही आणि तो तुमच्या परवानगीशिवाय मी कुणाला सांगणार नाही. पण माझ्या कागदावर खोटं राहणार नाही. त्यांनी 'कॅल्शियम' या शब्दावर आडवी रेघ मारली, वर माझ्या गोळीचं खरं नाव इंग्रजीत लिहिलं आणि कागद माझ्या हातात दिला. वर एवढं म्हणाल्या, "बाहेर त्या बसल्यात ना, त्यांना तुम्हीच सांगा. लवकर सांगा."

कुत्रा दोन दिवसांनी घरी आला. माझी गोळी त्याच्या अंगातून पूर्ण जाईपर्यंत मॅडमनी काही आठवडे दुसरं काही दिलं नाही, फक्त सूज उतरवायचं औषध, तेही रक्त तपासून, खाण्यानंतर. मग एक असं औषध सुरू केलं जे दुखण्यालाही थोडं लागू पडतं आणि घाबरण्यालाही. अगदी कमी मात्रेपासून, दर आठवड्याला फोन करून, झोप किती येते, चालताना झोकांड्या जातात का, विचारून विचारून. लग्नाच्या दिवशी ते डीजे लागायच्या दोन तास आधी द्यायचं. वाजायला लागल्यावर देऊन उपयोग नाही. तो आजही कूलरच्या मागं जातो, पण जाऊन झोपतो.

कागद मी फाईलमध्ये लावला आणि फाईल कपाटात ठेवली. बायकोला सांगितलं नाही.

आपणच विसरून गोळी दोनदा दिली, असं धरून तिनं त्या आठवड्यात कॅलेंडरवर पहिली टिक केली. मला वाटलं, चार दिवस करील आणि सोडून देईल. पण तिची आई फर्दापूरला शेवटची पाच वर्षं सगळं विसरत गेली होती. आधी गॅस, मग नावं, मग लेकीचं तोंड. बायकोनं ते सगळं स्वतःच्या हातांनी निस्तरलं होतं. आता तिनं मनाशी पक्कं केलं की आपलीही सुरुवात झाली. जिला सगळ्या नातेवाइकांचे फोन नंबर पाठ होते ती बाई घराबाहेर पडताना मला विचारायला लागली, अहो, गॅस बंद केलाय ना मी. बघून या ना. मी बघून यायचो. बंदच असायचा. मी येऊन सांगायचो, बंद आहे. जे सांगायला हवं होतं ते सांगायचो नाही.

मुलीचं लग्न झालं. लपवायचं कारण संपलं. तरी मी गप्पच राहिलो, आता काय सांगून, असं म्हणत. आधी एका गोष्टीची लाज होती, ती दोन गोष्टींची झाली.

गेल्या महिन्यात मुलीनं बाळंतपणासाठी माहेरी यायचं ठरलं. सातवा महिना होता. मी कामावरून आलो तेव्हा बायको फोनवर शेजारणीला विचारत होती की बाळंतिणीजवळ राहणारी एखादी शिकलेली बाई मिळेल का. फोन ठेवल्यावर मी विचारलं, कशाला, तू आहेस ना. आंघोळ, शेक, डिंकाचे लाडू, सगळं तर तुलाच येतं.

"ते करीन मी सगळं," ती म्हणाली. "पण बाळाला औषधाचे थेंब बिंब पाजायचे असतात. ते माझ्या हातानं नको. कुत्रं होतं म्हणून वाचलं."

ती हे अगदी साधेपणानं बोलली, भाजी आणायला सांगावं तसं. आणि मेथी निवडायला बसली.

मी कपाटातून बाटली काढली आणि तिच्यासमोर मेथीच्या जुडीजवळ ठेवली. उभ्यानंच सांगितलं, कारण बसलो असतो तर उठून गेलो असतो. चुलत्यापासून सुरुवात केली, ते लांबायला लागलं, मग मधलं सगळं सोडलं. म्हणालो, यात कॅल्शियम नाही, माझ्या घाबरण्याच्या गोळ्या आहेत, सहा वर्षं घेतोय. कुत्र्याला मी याच दिल्या. त्याला झालं ते माझ्यामुळं झालं. तू चुकली नव्हतीस.

तिनं मेथीची काडी हातातच धरली होती.

"म्हंजे मी एकदाच दिली होती?"

"व्हय."

"दोन वाजता."

"व्हय. ताटली धुऊन पालथी घातली होतीस. मी बघत होतो."

"बघत होता," ती म्हणाली. तिनं काडी खाली ठेवली. मग म्हणाली, "आणि मी विचारलं तवा म्हणलात, मला माहीत नाय."

मी फाईल आणून तो कागद दाखवला. तिनं इंग्रजी अक्षरं एकेक लावत ते नाव वाचलं, रेघेखालचं कॅल्शियमही वाचलं. सव्वा वर्ष हा कागद तिच्या साड्यांच्या खणाखाली होता. ती आईबद्दल काही बोलेल, रडेल, निदान मला येडा म्हणेल, असं मला वाटलं. मी तेवढी तयारी ठेवली होती. तिनं विचारलं की आता बरं असतं का, त्या गोळ्यांनी. मी हो म्हणालो. मी गोळ्यांविषयी आणखी सांगायला लागलो तर तिनं हात वर करून थांबवलं.

"ते नंतर. आधी पोरीला फोन लावा. मी तिला सांगून बसलेय की माझं डोकं आईसारखं व्हायलंय. जावयाला बी सांगितलंय तिनं. तुम्ही सांगा, काय झालं होतं ते. सगळं सांगा, बाटलीसकट."

जे कुणाला कळू नये म्हणून मी हे सगळं केलं, ते मला मुलीला आणि तिच्या सासरी एकदमच सांगावं लागणार होतं. मी फोन लावला. बायकोनं तो स्पीकरवर टाकला आणि मेथी निवडत राहिली. मी सांगितलं. मध्ये दोनदा थांबलो, तेव्हा तिनं वर न बघता "पुढं" म्हटलं, आणि मी पुढं सांगितलं. आईला काही झालेलं नाही, तिनं गोळी एकदाच दिली होती, मला माहीत होतं आणि मी बोललो नाही. मुलीनं सगळं ऐकून घेतलं. शेवटी तिनं एवढंच विचारलं, "आई आहे का तिथं?"

बायकोनं हात पदराला पुसले आणि फोन घेतला. "आहे," ती म्हणाली. "बाई-बिई कुणी बघू नको. थेंब मीच पाजते."

माझ्याशी ती नंतर आठवडाभर कामापुरतंच बोलली. अजूनही कधी कधी जेवताना मध्येच थांबते आणि माझ्याकडे बघते, तेव्हा मला कळतं की ती त्या दवाखान्यात आहे आणि मला विचारते आहे. मी खाली बघत नाही आता, तेवढंच माझ्या हातात आहे.

गॅसचं विचारणं बंद झालंय. टिका मात्र ती अजून करते. मी एकदा म्हणालो, आता कशाला. ती म्हणाली की राहू द्या, दवाखान्यात दाखवायला बरं पडतं. मागच्या खेपेला आम्ही त्याला घेऊन गेलो तेव्हा मॅडमनी नेहमीप्रमाणे पेन हातात धरून विचारलं, दुसरं काही चालू आहे का घरात. बायको कुत्र्याच्या पडलेल्या कानाशी खेळत होती. ती माझी वाट बघत बसली.

मी माझ्या गोळीचं नाव सांगितलं. मी घेतो, म्हणालो, याला देत नाही. मागं बाकावर दोन माणसं आपापली कुत्री घेऊन बसली होती, त्यांनीही ऐकलं. मॅडमनी मान हलवली आणि पुढचा प्रश्न विचारला.